कापून टाकलेली पंगत

बेंबळीत उत्कर्षचं फोटोचं दुकान. लग्न म्हणू नका, बारसं म्हणू नका, आसपासच्या गावांतलं सगळं शूटिंग त्याच्याकडंच. आणि प्रत्येक घरमालकाची शेवटी एकच सूचना, "ते मागलं कापून टाक बरं का." मागलं म्हणजे काय? तर मांडवाच्या मागं, हात धुवायच्या जागेपाशी, उत्कर्षच्याच आळीतली माणसं घरून आणलेल्या ताटल्या मांडून जेवायला बसायची, ते. त्यांना वाढायचं ते वरून, शिवायचं नाही. उत्कर्ष निमूट कापायचा. पण कापलेलं पुसून मात्र टाकलं नाही पठ्ठ्यानं! बारा वर्षांचं सगळं जपून ठेवलं आणि यंदा त्याची चाळीस मिनिटांची डॉक्युमेंटरी केली.

एकच अडचण होती. त्या ताटलीवाल्यांत त्याची आई होती, दगडाबाई. गावातल्या तान्ह्या लेकरांना न्हाऊमाखू घालणारी बाई. गावातल्या बड्या घरच्या बलभीमअण्णांच्या नातवाला जन्मल्यापासून रोज हिनंच पायावर घेऊन न्हाऊ घातलं, आणि त्याच्याच बारशाला ही मांडवाबाहेर, उकिडवी, ताटली पुढं करून बसलेली. हातभर वरून बुंदी टाकणारे खुद्द अण्णा. उत्कर्ष ते पुन्हा पुन्हा मागं नेऊन बघायचा. दाखवायला तर हवंच, पण आईच्या अब्रूचं काय? तिची कामं सुटली तर? शेवटी त्यानं कॉम्प्युटरवर तिचं तोंड धुरकट केलं, आणि गावाला दाखवायच्या आदल्या दिवशी तिला दुकानात बसवून सगळं दाखवलं.

दगडाबाईनं शेवटपर्यंत पाहिलं. मग म्हणाली, "अण्णाचं तोंड कसं लख्ख दिसतंय. माझंच का पुसलंस?"

"आये, लोक हसतील. उद्या कुणी कामाला बोलावणार न्हाय."

"नगं बोलावू दे. म्या काय चोरी केली व्हय? ज्यांनी केलं ते उजळ माथ्यानं, आन् म्या तोंड लपवू? लई शिकलास बाबा!"

उत्कर्षला मेल्याहून मेल्यासारखं झालं. बारा वर्षं दुसऱ्यांच्या सांगण्यावरून कापत आला होता. या खेपेला कुणी सांगितलेलं नसताना आपण होऊन आईला पुसून बसला होता. त्यानं तिच्यादेखत तिचं तोंड मोकळं केलं.

दुसऱ्या दिवशी भरदुपारी गावच्या सभागृहात खिडक्यांना पोती बांधली, समोर चादर ताणली आणि पिच्चर सुरू झाला. आपलं गाव पडद्यावर दिसणार म्हटल्यावर कोण घरी बसतंय! पहिल्या रांगेत खुर्चीवर बलभीमअण्णा.

बारसं आलं. चादरभर दगडाबाई, हातात रिकामी ताटली. मागून कुणीतरी खेकसलं, "बंद कर रे हे! गावाची बदनामी लावलीय." उत्कर्ष गडबडला, त्याचा हात लॅपटॉपकडं गेला.

"हात लावू नको!" दगडाबाई उठून उभी राहिली. "चालू दे. वाढणाऱ्याचं तोंड यायचंय अजून."

ते आलं. साऱ्या माना पहिल्या रांगेकडं वळल्या. अण्णांनी खांद्यावरचं उपरणं ओढून तोंडावर घेतलं.

दगडाबाई त्यांच्यापुढं जाऊन उभी राहिली. लेकराशी बोलावं तशी हळू म्हणाली, "काढा ते, अण्णा. बघा की जरा. म्या बी बघतेच हाय ना."