शेवटच्या अक्षराची भीती

दिवेकर सरांच्या दारात उभ्या असलेल्या मोटारीत आमच्या मंडळाची जी तातडीची बैठक झाली, तिची चिटणीस मी होते. ठराव मी मांडला, त्याची भाषाही माझीच होती आणि त्यातील एकाही स्वल्पविरामाचा दोष दुसऱ्या कोणाच्या माथी मारण्याची माझी इच्छा नाही.

आमचे मंडळ लोणावळ्यात, तुंगार्लीला सरांच्या घरी भरते. आम्ही शब्दकोश करत नाही. ते कसे झाले, कोणत्या तत्त्वावर झाले आणि कोठे फसले, याचा अभ्यास करतो. सदस्य चौघे. सर कोशकारांचा इतिहास लिहितात. एका कोशातून दुसऱ्या कोशात काय उचलले गेले, हे इनामदारबाई शोधतात. रामभाऊ शेलार कोशांतील उदाहरणवाक्ये तपासतात आणि मोटारही चालवतात. तळेगावच्या शाळेत मराठी शिकवून निवृत्त झालेली मी या तिघांचे शुद्धलेखन पाहते. विद्वानांना त्याची गरज विद्यार्थ्यांपेक्षा अधिक असते!

अशा मंडळींचे किस्से कोशाच्या चिठ्ठ्यांसारखे साठतात. एक शोधायला जावे, तर खालून चार निघतात. आमच्याकडचे बहुतेक भीतीचे आहेत. विद्वान भीत नाहीत, असा ज्यांचा समज आहे, त्यांनी एकदा बैठकीला यावे. चहा चांगला असतो.

* * *

एकदा मी सोमाटण्याहून भाड्याच्या गाडीने निघाले. धुके असे की, पुढच्या ट्रकचे दिवे तेवढे दिसत होते. चालक दत्ता इंदुरीचा, बोलका.

"बाई, सर लोणावळ्यात करत्यात काय?"

"शब्दकोशांचा अभ्यास."

"म्हंजी कोश लिवत्यात?"

"नाही. ज्यांनी लिहिले, त्यांचा अभ्यास."

"मंग ती मानसं असत्यात कुटं?"

"असत नाहीत. वारली सगळी."

दत्ताने मोबाइलवरचे गाणे बंद केले आणि मारुतीचे स्तोत्र लावले. सरांचे फाटक येईपर्यंत ते तीनदा वाजले. आत आम्ही चौघेच असतो, असे सांगून शिष्टाचार म्हणून मी त्याला चहाला बोलावले, तेव्हा त्याने इंजिनही बंद केले नाही.

"नको बाई. तुमी जावा. मोजून चौघंच बाहेर येताय ना, तेवढं बघा म्हंजी झालं!"

* * *

रामभाऊंचे प्रकरण त्यांच्या विषयातूनच उद्भवले. कोशात 'मरणे' या क्रियापदापुढे उदाहरण कोणते द्यावे, यावर ते निबंध वाचत होते. "राम मेला." "राम काल मेला." "राम मरता मरता वाचला, परंतु अखेर मेला." कोश बदलले, संपादक बदलले, तत्त्वे बदलली, मरणारा मात्र तोच!

वाचता वाचता त्यांचा आवाज खाली खाली गेला. घाम पुसत ते म्हणाले, "सर, दर वेळी मीच का?"

"नाव लहान आहे. जागा वाचते," सर शांतपणे म्हणाले.

या शास्त्रीय उत्तराने रामभाऊंचे समाधान झाले नाही. पुढच्या दोन बैठकांना ते आलेच नाहीत. अखेर सरांनी स्वतः फोन केला. "शेलार, एक जुना कोश सापडला आहे. त्यात गोविंदा मरतो."

रामभाऊ पेढे घेऊन आले.

* * *

इनामदारबाईंचा किस्सा सांगताना मला अजूनही दार लावून घ्यावेसे वाटते.

जुने काही संपादक कोशात एखादा खोटा शब्द मुद्दाम पेरत. तो दुसऱ्याच्या कोशात उगवला की, चोरी सापडे. बाईंनी मावळातील बोलीचा एक छोटा शब्दसंग्रह छापायला दिला, तेव्हा हीच युक्ती केली. आमच्यासमोर बसून त्यांनी एक शब्द घडवला: 'हुमळी'. अर्थही घडवला: दरीतून आपल्या नावाने हाक मारणारी, तिला ओ दिली, तर घरापर्यंत माग काढणारी. आम्ही पुष्कळ हसलो.

पुढे बाई उर्से गावाच्या बाजूला शब्द गोळा करायला गेल्या. दिवस कलला होता. डोक्यावर मोळी घेतलेली एक म्हातारी त्यांना आडवी आली.

"एकटी जाऊ नगंस, बाई. तितं हुमळी हाय. हाक आली, तरी ओ देऊ नगंस."

बाई तशाच लोणावळ्याला आल्या. सरांनी पाणी दिले आणि नेहमीच्या संथपणे म्हणाले, "तुमचा संग्रह वाचला असेल तिने."

"सर, तिला वाचता येत नाही. मी विचारले."

"मग कोणी वाचून दाखवला असेल."

"संग्रह अजून छापखान्यातच आहे!"

त्या दिवसापासून इनामदारबाईंना कोणी बाहेरून हाक मारली, तर त्या ओ देत नाहीत. आधी खिडकीतून पाहतात. मीही पाहते.

* * *

आणि आता सर.

कोशकारांचा इतिहास लिहिताना एक गोष्ट त्यांच्या मनात घर करून बसली. थोर कोश करणारी माणसे शेवटच्या अक्षरापर्यंत सहसा पोहोचतच नाहीत. कोणी 'प'पाशी गेले, कोणी 'म'पाशी. एकाने 'ह' गाठला, 'हळद' हा शब्द लिहिला आणि लेखणी खाली ठेवली, ती ठेवलीच. जे थोडे शेवटाला पोहोचले, तेही त्यानंतर फार दिवस राहिले नाहीत. सर ही उदाहरणे हसत सांगत. परंतु बैठकीत कोशाचे शेवटचे पान उघडायचे नाही, असा रिवाज त्यांनीच पाडला होता. आम्ही तो पाळत होतो. का पाळतो, हे कोणी विचारले नाही.

त्यांच्या ग्रंथाचे एकच प्रकरण उरले होते, शेवटचे. त्याच सुमारास त्यांच्या छातीत कळ आली. डॉक्टरांनी सांगितले, "शस्त्रक्रिया लगेच हवी. थांबलात, तर मी जबाबदार नाही."

"प्रकरण लिहितो आणि येतो," सर म्हणाले.

ते लिहीत मात्र नव्हते. त्यांच्याकडे स्वयंपाक करणाऱ्या ठकूमावशींनी मला फाटकाबाहेर गाठले. "बाई, कागद म्होरं घेत्यात, पेनाचं टोपन काढत्यात, पुन्यांदा लावत्यात. जेवन तसंच. जिना चढताना वाटंतच बसत्यात. मला लय भ्या वाटतंय बगा."

मी आत गेले. सरांचे ओठ निळसर दिसत होते. मी रागावले. रागावणे मला जमते.

"बाई," ते म्हणाले, "प्रकरण लिहिले, तर काम संपले, आणि काम संपले की काय होते, ते मी आयुष्यभर लिहीत आलो. न लिहिता शस्त्रक्रियेच्या टेबलावर गेलो, तर त्या अपुऱ्यांच्या रांगेत बसलो. दोन्हीकडून तेच."

वर्गात भुताला घाबरणाऱ्या मुलांना मी बाकावर उभे करत असे. त्या दिवशी मी सरांच्या पेनाचे टोपण लावून ठेवले.

* * *

अखेर रुग्णालयात न्यायला आम्ही त्यांना मोटारीपर्यंत आणले. रामभाऊ चालकाच्या जागी, मी त्यांच्या शेजारी, मागे इनामदारबाई आणि सर. दाराशी ठकूमावशी छत्री धरून उभ्या. धुके थेट काचेला टेकलेले. सरांनी एक पाय आत घेतला. दुसरा चपलेसकट बाहेर, चिखलात.

"प्रकरण राहिले," ते म्हणाले, आणि छातीवर हात ठेवून तसेच बसले. त्यांचा श्वास मला पुढच्या आसनावर ऐकू येत होता.

मी बैठक सुरू झाल्याचे जाहीर केले. ठराव असा: सरांनी लिहिलेली प्रकरणे हा ग्रंथाचा भाग पहिला, तो आज पूर्ण झाला आहे. शेवटचे प्रकरण पुरवणीत जावे. ती आज बाकी आहे. सबब सर अपुरेही नाहीत आणि संपलेलेही नाहीत.

"हे अशास्त्रीय आहे," इनामदारबाई म्हणाल्या.

"भीती शास्त्रीय आहे का? मग उतारा शास्त्रीय कोठून आणू?"

सरांनी डोळे उघडले. "इतिहासाला धरून आहे," ते हळूच म्हणाले. "पुरवणी हाती घेतलेले संपादक पुष्कळ जगले आहेत. पण बाई, मी टेबलावरून उठलोच नाही, तर पुरवणी कोण लिहिणार?"

रामभाऊ काच पुसू लागले. इनामदारबाई पर्समध्ये काहीतरी शोधू लागल्या. मला अचानक माझ्या चष्म्यावर डाग दिसला.

"मला तर लिवताच येत न्हाई," ठकूमावशी म्हणाल्या, "देवाची किरपा!"

मी घसा साफ केला आणि ठरावास दुरुस्ती सुचवली: पुरवणी दिवेकर सरांनी स्वतःच लिहावी; अन्य कोणासही तो अधिकार राहणार नाही.

सूचक मी. अनुमोदक रामभाऊ आणि इनामदारबाई, दोघे एकाच श्वासात. मताचा अधिकार नसतानाही ठकूमावशींनी छत्रीसकट हात वर केला. विरोधात कोणी नाही.

सरांनी पाय आत घेतला.