डाव्या पिळाची गाठ

बायडाबाईला राग आला की ती बोलत नाही, ऊस तोडते. मागच्या हंगामात तिनं इतका ऊस तोडला की मुकादम खूश झाला. त्या येड्याला काय ठाऊक, बाई कुणाला तोडतेय ते.

बायडाबाई पाथर्डीकडची, पन्नाशी ओलांडलेली. दिवाळी झाली की नवरा पुंजाराम, सून पंकजा आणि टोळीतल्या बायामाणसांबरोबर देवळाली प्रवरेच्या शिवारात यायचं, राहायला पाचटाची कोपी घालायची आणि उन्हाळ्यापर्यंत ऊस तोडायचा, ही तिची तीस वर्षांची रीत. एवढ्या वर्षांत तिनं अंगावर एकच सोनं केलं, बोरमाळ. ती गेली भर दुपारी, भर रस्त्यात. आणि तिनं ती स्वतःच्या हातानं काढून दिली.

हे 'स्वतःच्या हातानं' लक्षात ठेवा. सगळी आग तिथं आहे.

झालं असं, की ती एकटीच किराणा आणायला निघाली होती. कालव्याच्या रस्त्यावर एक मोटारसायकल शेजारी येऊन थांबली. खाकी पँट, डोक्यावर हेल्मेट, तोंडाला रुमाल.

"मावशी, पुढे एका बाईला लुटलंय. साहेबांचा हुकूम आहे, अंगावरचं काढून रुमालात बांधून न्या."

कोपीत राहणाऱ्याला खाकीची ओळख निराळी असते. गावात कोंबडी हरवली तरी आधी कोपी उचकतात. तिनं मुकाट माळ काढून दिली. त्यानं ती कागदात गुंडाळली, रुमालात घट्ट बांधली, "घरी जाऊनच सोडा" म्हणाला आणि निघून गेला.

कोपीत येऊन तिनं गाठीला हात घातला आणि हात तिथंच थांबला. मोळ्या बांधण्यात जन्म गेलेले हात ते. उसाच्या हिरव्या शेंड्याला, वाढ्याला, पीळ द्यायचा, टोक आत खोचायचं, दिवसाला शंभरदा. सगळ्या बाया उजवीकडं पीळ देतात. ही गाठ डावीकडं पिळलेली, आणि टोक दोनदा खोचलेलं. तिनं गाठ सोडलीच नाही, कोयत्यानं रुमाल बाजूनं फाडला. आत दोन खडे निघाले.

चौकीतल्या हवालदारानं चहाचा घोट घेत विचारलं, "गळ्याला हात लावला का त्यानं?"

"न्हाई."

"चाकू दाखवला?"

"न्हाई."

"मग तुम्हीच दिली की." त्यानं तसंच लिहिलं, 'स्वतःच्या हाताने काढून दिली', आणि वाचूनही दाखवलं. वर म्हणाला, "तुमच्या कोप्यांतलाच असेल कुणी. बघतो."

त्याच संध्याकाळी कोप्या उचकल्या. पंकजाचे पेटीतले कपडे मातीत पडले, नातवंडं रडायला लागली. बायडाबाई तेव्हा मनात जे बोलली ते इथं लिहिण्यासारखं नाही.

पुंजाराम माणूस वाईट नाही, पण त्याच्या जिभेला हाड नाही. कालवणात मीठ कमी पडलं की त्याचं सुरू, "अगं, हातानं माळ दिलीस, चिमूटभर मीठ द्यायला काय झालं?" हे वर्षभर. भावकीच्या लग्नात, बारशात, पाव्हण्यांसमोर. बाया तोंडाला पदर लावायच्या. मारून लुटली असती तर लोक हळहळले असते. फसलेल्या बाईला नुसते हसतात.

"मरू दे ती माळ," ती पंकजाला म्हणाली, "त्यानं त्याच्या हातानं काढून दिल्याबिगर माझ्या पोटातली आग इझायची न्हाई."

यंदा टोळीला त्याच कालव्याच्या कडेचा उसाचा फड तोडायला मिळाला. बायडाबाईनं बाजारातून बेन्टेक्सची खोटी बोरमाळ आणली, गळ्यात घातली आणि रोज दुपारी त्या रस्त्यानं एकटी चालायला लागली. फडात बाया ऊस तोडत राहायच्या, एक कान रस्त्याकडं देऊन.

"त्यानं गाठ मारंस्तवर कुनी हलायचं न्हाई," तिनं बजावलं होतं. "तोंड म्या बघितलं न्हाई, पर गाठ वळखते."

तरी तिसऱ्या दिवशी घोळ झालाच. एक खाकी पँटवाला थांबला आणि बाया कोयत्यांसकट उसातून बाहेर. तो निघाला डेअरीचा माणूस, पत्ता विचारत होता. बिचारा गाडी टाकून कालव्यात उतरला, गुडघाभर पाण्यात हात जोडून उभा. त्याला चहा पाजून वाटेला लावलं, आणि मग बायडाबाईनं बायांची अशी खरडपट्टी काढली की दुपारभर फडात नुसते कोयतेच वाजत राहिले.

अकराव्या दिवशी तो आला. तेच हेल्मेट, तोच साहेबांचा हुकूम, अक्षराचा फरक नाही. बायडाबाईनं सावकाश माळ काढली. तिची नजर त्याच्या हातांवर होती. कागद झाला, रुमाल झाला. पीळ डावीकडं गेला. टोक एकदा खोचलं. दुसऱ्यांदा खोचलं.

"पंकजे," ती साध्या आवाजात म्हणाली, "ये गं."

उसातून अकरा बाया बाहेर आल्या. एकीनं गाडीची किल्ली काढून घेतली.

"घाबरू नका, साहेब," बायडाबाई म्हणाली. "पुढं लई लुटालूट चाललीया. अंगावरचं काढून रुमालात बांधा."

हेल्मेट उतरलं. आत तिशीतलं, गुळगुळीत दाढी केलेलं तोंड होतं. पंकजानं त्याच्या गळ्यातल्या साखळीला हात घातला, तर बायडाबाईनं तिच्याच हातावर चापट मारली.

"कुनी हात लावायचा न्हाई. त्याचं तो काढील."

त्यानं काढलं. साखळी, दोन अंगठ्या, घड्याळ, बूट.

"पँट," ती म्हणाली. "ती तर तुझी न्हाईच."

"मावशी, लेकरंबाळं आहेत मला."

"मला बी हायेत. त्येंच्याम्होरं कोपी उचकली."

तिला दया आली का? तिळभर नाही. तो चड्डीवर उभा राहिला तेव्हा तिला वर्षात पहिल्यांदा बरं वाटलं. गाडीच्या डिकीत तसलेच चार रुमाल आणि खड्यांची पिशवी सापडली. तिनं सगळं गाठोड्यात बांधलं, मोळीसारखा उजवा पीळ देऊन, त्याच्याच डोक्यावर ठेवलं आणि भर बाजारातून चौकीत नेलं.

हवालदार तोच होता. रुमाल आणि खडे बघून उठून उभा राहिला. "वा मावशी! बसा, चहा घ्या."

"च्या नगं. ल्ह्या. पर आधी इचारा त्याला, गळ्याला हात लावला का आमी?"

हवालदार टेबलावरचा कागद शोधू लागला.

"इचारा."

त्यानं विचारलं. चोरानं दाराबाहेर ओळीनं बसलेल्या बायांकडं पाहिलं आणि मान हलवली, नाही.

"मंग ल्ह्या, समदं सवताच्या हातानं काढून दिलं. आन खाली ल्ह्या, ह्यो कोपीतला न्हाई."

हवालदारानं मान खाली घालून दोन्ही लिहिलं. तिनं ते त्याच्याकडून दोनदा वाचून घेतलं, दुसऱ्यांदा मोठ्यानं, कारण तोवर पुंजाराम दारात येऊन उभा राहिला होता.

बोरमाळ काही मिळाली नाही, ती केव्हाच वितळली होती. संध्याकाळी बायडाबाईनं कालवण केलं, त्यात मुद्दाम मीठ कमी टाकलं आणि नवऱ्यासमोर ताट ठेवून बसली. पुंजारामनं पहिला घास घेतला. तोंड उघडलं, तिच्याकडं पाहिलं आणि मिटलं. मग उठला आणि स्वतःच्या हातानं मीठ घेतलं.