उपरण्याचं टोक

या गोष्टीला महिना झाला, पण माझा राग काही उतरलेला नाही.

पंचवटीत भाजीबाजाराजवळच्या भिंतीवर काही चित्रकार मुलांनी भलामोठा व्हिडिओ गेम लावला होता. भिंतभर नदी, नदीत होडी. दोन टोकांना दोन पितळी पत्रे. एकाने इकडच्या पत्र्यावर हात ठेवायचा, एकाने तिकडच्या, आणि मधल्याने दोघांचे हात धरायचे. साखळी जुळली की होडी चालायची. एकट्याने खेळायची सोयच नव्हती. मला ते इतकं आवडलं की मी दादाला ओढून नेलं. दादा म्हणजे माझा थोरला भाऊ, आमच्या घरचं पौरोहित्य तोच सांभाळतो.

मधे तिसरं माणूस हवं होतं. वीस वर्षं आमच्या दारावर भाजी आणणारी मावशी शेजारीच मेथीच्या जुड्या मांडत बसली होती. मी हाक मारली. ती लाजत आली, पदराला हात पुसले आणि माझा हात घट्ट धरला. दादाने उपरण्याचं टोक हाताभोवती गुंडाळलं आणि मगच तो हात पुढे केला.

होडी जागची हलेना.

"यंत्र बिघडलंय वाटतं," दादा म्हणाला. त्या मुलांपैकी एकजण वायरी तपासायला धावला.

"मशीन बरं हाय," मावशी म्हणाली. "गुरुजींनी मधी फडकं धरलंय." हात सोडवून ती आपल्या मेथीकडे गेली.

"माझी संध्याकाळची पूजा राहिलीय अजून," दादा पुटपुटला. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. भर बाजारात ओरडले, "तिच्या मळ्यातली भाजी नैवेद्याला चालते, आणि तिचा हात चालत नाही? जनाची नाही तर मनाची तरी ठेव!" तो मान खाली घालून निघून गेला. घरी गेल्यावरही मी त्याला सोडलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी मावशी नेहमीसारखी दारात आली.

"मावशी, कालचं मनावर घेऊ नका," मी म्हणाले.

"नाय हो ताई. जरा पाणी द्या."

मी तांब्या भरून आणला. ती पायरीपाशी वाकली आणि ओंजळ तोंडाला लावून थांबली. मी तांब्या तिच्या हातात द्यायला गेले, तर तिने हात मागे घेतले.

"वता ना ताई," ती म्हणाली. "रोज वरून वतता तसं."

आणि मी ओतलं. उतरत नाही तो राग याचा.