गोळीबार चौकामागचं अथेन्स

गल्लीच्या सभेत मत कोणाला असावं याचे नियम मी स्वतः मांडले, आणि त्या नियमांत मीच बसत नव्हतो.

सत्तरच्या दशकातली गोष्ट. मी मूळचा वर्ध्याचा. नागपुरात बर्डीकडच्या एका कॉलेजात राज्यशास्त्र शिकवायचो आणि गोळीबार चौकामागच्या कोष्ट्यांच्या गल्लीत एका खोलीत भाड्यानं राहायचो. पहिल्या वर्षाच्या पोरांना प्राचीन ग्रीकांचा राजकीय विचार असे, आणि तो शिकवताना मी असा काही रंगात यायचो की जणू काल संध्याकाळीच अथेन्सहून सायकलनं परतलोय. माणूस हा नगरात राहणारा प्राणी आहे, नगराबाहेर एकटा राहतो तो पशू तरी असतो नाहीतर देव तरी, हे वाक्य मी हात वर करून म्हणायचो. मग खोलीवर यायचो, स्टोव्ह पेटत नसे म्हणून खानावळीत जेवायला जायचो आणि परत येऊन एकटाच बसायचो. पशू की देव, ते तुम्ही ठरवा.

गल्ली मात्र एकटी नव्हती. दिवसभर मागांची खटखट, दारात सुताच्या कांड्या भरत बसलेल्या बाया, या घरातून त्या घरात ओरडून चाललेल्या गप्पा. आणि पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी तर विचारू नका. त्या दिवशी नागपुरात मारबती, म्हणजे रोगराई-पीडा सोबत घेऊन जाणाऱ्या बायांचे पुतळे, निघतात आणि त्यांच्यासोबत मोहल्ल्या-मोहल्ल्यांचे बडगे. बडग्या म्हणजे बांबू-कागदाचा पुतळा. त्या साली लोकांना ज्याचा राग आला असेल त्याचं सोंग करायचं, मिरवायचं, मनसोक्त शिव्या घालायच्या आणि जाळून टाकायचं. आमच्या गल्लीचा बडग्या गाडीवर जात नसे. दोन लांब बांबूंवर, चौघांच्या खांद्यांवर जायचा. खांदा मात्र गल्लीतल्याच माणसाचा लागे. आदल्या साली मी ओट्यावर उभा राहून तो जाताना पाहिला होता. चौकाच्या वळणावर सगळे दिसेनासे झाले आणि गल्लीत मी आणि एक शेळी, एवढेच उरलो. तेव्हाच ठरवलं, पुढच्या वर्षी आपला खांदा लागलाच पाहिजे.

तर त्या वर्षी पोळ्याआधीच्या रविवारी बडग्या कोणाचा करायचा हे ठरवायला माझ्या घरमालकांच्या मागाच्या खोलीत सभा भरली. एरवी ती सभा म्हणजे सगळ्यांनी एकाच वेळी बोलायचं. या खेपेला माझे घरमालक म्हणाले, "मास्तर राज्यशास्त्र शिकवते. त्यालेच चालवू द्या."

झालं. खांद्याची वाट आपोआप मोकळी होत होती, पण मला गप्प कुठलं बसवायला. मी उभा राहिलो आणि अथेन्सचं वर्णन केलं. तिथे राजा नाही, साहेब नाही, नगराचा कारभार सगळे नागरिक मिळून करतात. आज जो हुकूम देतो तो उद्या दुसऱ्याचा हुकूम ऐकतो, आणि हे दोन्ही ज्याला जमतं तोच खरा नागरिक. लोक खूश झाले. आपली गल्ली म्हणजे लहानसं अथेन्सच आहे, असंही मी सांगून टाकलं.

तेवढ्यात मामाजींनी विचारलं, "पन मत कोनाकोनाचं घ्याचं?" मामाजी म्हणजे गल्लीतले सर्वांत म्हातारे विणकर. सगळेच त्यांना मामाजी म्हणायचे.

शहाण्या माणसानं सांगितलं असतं, सगळ्यांचं घ्या. मी सांगितलं ते पुस्तकातलं. अथेन्समध्ये मत फक्त पुरुषाला. बायकांना नाही. गुलामाला नाही. आणि परक्यालाही नाही, मग तो तिथे जन्मभर राहिलेला असो. आई आणि बाप, दोघंही त्याच नगराचे पाहिजेत.

"आई बी अन् बाप बी?"

"दोघंही," मी ठासून म्हणालो.

"तुमचे कुठचे?"

"वर्ध्याचे."

मामाजींनी तंबाखू मळता मळता हात थांबवला. "मंग उठा."

सभेला एवढं हसताना मी कधी पाहिलं नव्हतं. मला वाटलं, गंमत करून राहिलेत. पण अथेन्सचा कायदा एव्हाना सगळ्यांना फार आवडला होता. घरमालकांनी माझी पाठ थोपटली, म्हणाले, "मास्तर, सभा चांगली चालवली तुम्ही," आणि मला ओट्यापर्यंत पोचवून परत जाऊन बसले. माझ्यावाचून अथेन्सनं एकमतानं ठरवलं की यंदा रॉकेल दडवणाऱ्या साठेबाजाचा बडग्या करायचा. आणि खांदे कोणाचे, तर नागरिकांचे.

ओट्यावर घरमालकीण तांदूळ निवडत होत्या. मी त्यांना काकू म्हणायचो. मी पडक्या चेहऱ्यानं त्यांना सांगितलं की ज्या थोर तत्त्वज्ञानं नागरिक म्हणजे कोण हे जगाला समजावून सांगितलं, तो स्वतः अथेन्समध्ये परकाच होता. त्याला तिथे मत नव्हतं, घरसुद्धा विकत घेता येत नव्हतं.

"मंग त्याले खोली कोनं देल्ली?" काकूंनी विचारलं.

मी सुपातला एक खडा उचलून टाकला.

"अन् बायाइचं काय म्हनत होता तू आतमंदी?"

मी चाचरत तेही सांगितलं. काकूंनी सूप खाली ठेवलं. समोरच्या दारात कांड्या भरणाऱ्या बाईकडे पाहून म्हणाल्या, "आयकलं काय वं?" तिनं ऐकलं होतं. संध्याकाळपर्यंत गल्लीतल्या सगळ्या दारांनी ऐकलं होतं.

आता, बडग्याचा सांगाडा पुरुष बांधत. पण कागद चिकटवायची खळ बाया शिजवायच्या, त्याचे कपडे जुन्या लुगड्यांचे बायाच शिवायच्या, आणि चेहरा तर काकूंशिवाय कोणी रंगवलाच नव्हता. दुसऱ्या दिवशी सांगाडा तयार होऊन गल्लीच्या मधोमध उभा राहिला आणि नागडाच राहिला. घरमालक खळ मागायला घरात गेले तर काकू म्हणाल्या, "आमाले मत नाही. आमी काहून शिजवू?"

नागरिकांनी स्वतः खळ शिजवली. ज्यांच्या घरात सुताला खळ देण्यात पिढ्या गेल्या, त्यांनी चुलीवर अशा गुठळ्या केल्या की कागद चिकटायचा, थोडा विचार करायचा आणि गळून पडायचा. पलीकडच्या गल्लीचा बडग्या टोपी घालून तयार होता आणि तिथली पोरंटोरं येऊन आमच्या बांबूंकडे पाहून जात होती. मी ओट्यावर बसून होतो. मला बोलायला मनाई होती, नाहीतर मी सांगितलं असतं की सद्गुण सवयीनं येतो, करून करून येतो, आणि खळीचंही तेच असावं.

पोळ्याच्या सकाळी पुन्हा सभा भरली. या खेपेला बाया आल्या आणि पुढे बसल्या. कोणी ठराव मांडला नाही, कोणी विरोध केला नाही, मामाजी खिडकीकडे पाहून एवढंच म्हणाले, "तुह्या अथेन्सले खळ लागत नसन, मास्तर. आमाले लागते." मी बाहेर ओट्यावर उभा राहून खिडकीतून ऐकत होतो.

मग घरमालकांनी विचारलं, "अन् या भाडेकरूचं काय कराचं?"

मी खिडकीच्या गजांत तोंड खुपसलं. एम.ए.च्या निकालाच्या फळ्यासमोरही एवढं खुपसलं नव्हतं.

"आईबाप वर्ध्याचे हायेत त्याचे," मामाजींनी आठवण करून दिली.

"माह्ये उमरेडचे हायेत," काकू म्हणाल्या. "मले बी काढता काय?"

मग निघालं की कोणाची सासू पवनीची, कोणाची आई भंडाऱ्याची, आणि खुद्द मामाजींची आई सावनेरची. आईबाप दोघंही या गल्लीतले असा माणूस सभेत सापडेना. अथेन्स जागच्या जागी रिकामं झालं. मामाजी हसता हसता खोकायला लागले. पाणी पिऊन झाल्यावर म्हणाले, "बोलवा त्याले. पन आंगाले काम लावा. जो काम करन त्याचा खांदा."

दुपारभर मी साठेबाजाच्या पोटावर कागद चिकटवला. पोट मोठं होतं म्हणून मला दिलं होतं, तिथे चूक दिसत नाही. तरी मी ती केली. आतून आधाराचा पुठ्ठा लावायचा विसरलो आणि पोट एका बाजूनं बसलं. काकूंनी त्यात जुनं लुगडं कोंबलं आणि मला म्हणाल्या, "तू आता फक्त पकडून उभा राय."

दुसऱ्या दिवशी बडग्या निघाला आणि पुढच्या उजव्या बांबूला माझा खांदा होता. ताशे वाजत होते, "घेऊन जा गे मारबत" चाललं होतं आणि मी एवढ्या जोरात ओरडत होतो की माझे दोन विद्यार्थी गर्दीतून माझ्याकडे पाहून ओळख न दाखवता निघून गेले. खांदा फार दुखत होता. मी उंच. बाकीचे तिघं माझ्या खांद्याला लागतील एवढे. माझ्या मागे मामाजी होते. त्यांच्या खांद्याला बांबू टेकतच नव्हता, ते नुसता हात वर धरून आरामात चालले होते. सगळं वजन माझ्यावर, आणि साठेबाज डावीकडे कलंडलेला. इतवारीच्या बाजारात लोकांना वाटलं, दारू प्यायलेला दाखवलाय. इतक्या टाळ्या पडल्या की पलीकडच्या गल्लीच्या टोपीवाल्याकडे कोणी पाहीना. उरलेला सगळा रस्ता, बाकीच्यांच्या उंचीला यायला, मी गुडघे वाकवून चाललो.

पुतळा जाळून आम्ही परत आलो तेव्हा काकू दारात उभ्या होत्या. माझ्या कपाळाला राख, सदरा फाटलेला, गुडघे सरळ होत नव्हते. मी म्हणालो, "काकू, झालो ना मी गल्लीचा?"

त्यांनी मला खालून वरपर्यंत पाहिलं.

"झाला गा. आता जरासा बुटका हो."