फाट्यावरचं सिमेंटचं पापलेट

ते पापलेट आठवलं की आजही मला स्वतःचाच राग येतो. नोकरीत मी खुनाचे तपास केले, दरोडे उघडकीला आणले, आणि त्यांतलं एकही प्रकरण मला आता छळत नाही. हा एक मासा तेवढा डोक्यातून जात नाही.

ऐंशीच्या दशकातली गोष्ट. पालघर तालुक्यात किनाऱ्याजवळच्या एका ठाण्यात मी फौजदार होतो. पालघरहून समुद्राकडे येणारा रस्ता एका ठिकाणी फुटायचा. उजवीकडे कोळीवाडा आणि डावीकडे केळी-पानवेलींच्या वाड्यांचं गाव. त्या फाट्यावर कोळ्यांनी एक पापलेट उभं केलं होतं. खरं नव्हे हो! लोखंडी सळ्या, जाळी आणि सिमेंटचं. दोन पुरुष उंच, चंदेरी रंगाचं, चौथऱ्यावर शेपटी टेकून उभं. एसटीचे कंडक्टर तिथे आले की 'चला, पापलेट उतरा' असं ओरडायचे. वाडीवाल्यांना ते फार झोंबायचं, कारण त्यांच्या पाहुण्यांनाही पापलेटलाच उतरावं लागायचं.

एका सकाळी ठाणे अंमलदाराने मला घरून बोलावून घेतलं. मासा शेपटीपासून मोडून रस्त्यात तोंडावर पडला होता. मी पोचलो तेव्हा सारा कोळीवाडा फाट्यावर जमला होता आणि केळीच्या गाड्या अडवून धरल्या होत्या. सगळ्यांत पुढे त्यांचा तांडेल. होडीचा आणि गावाचाही पुढारी, साठीचा, आवाज असा की बंदरावरून बोलला तर होडीत ऐकू यावं.

"साहेब, आमचा मासा फोडला! आज दुपारपर्यंत मानूस पकडा, नायतर आमी पकडतो."

"तुम्ही हात लावून तर बघा," मी म्हटलं. "मग तुम्हालाच आधी आत घालीन."

असं बोलावंच लागतं. जमावापुढे पोलिसाचा आवाज चिरका झाला की संपलं. पण एका बाजूला आवाज चढा ठेवायचा आणि दुसऱ्या बाजूला पंचनामा करायचा, या घाईत मी काय केलं, तर हवालदाराला म्हटलं, "लिहा, लिहा, उरकून टाका." लोक सांगत गेले, हवालदार लिहीत गेला. 'शेपटीवर पहारीचे घाव घातल्याचे दिसून येते.' मी खाली सही ठोकली.

तासाभरात खबर लागली. फाट्यावरचा पानवाला माझ्या जीपपाशी येऊन हळूच म्हणाला, "काल सांजच्याला वाडीतला एक जन पहार घेऊन माशाच्या आजूबाजूला फिरत व्हता. मोजमाप घेतल्यासारखं करत व्हता." नावही सांगितलं. या माणसाने महिन्यापूर्वी भर बाजारात 'या माशाची खोड मोडतो' असं म्हटल्याचंही कळलं. झालं! माझ्या डोक्यात गुन्हा उघडकीला आलासुद्धा.

तोडफोडीचा गुन्हा अदखलपात्र, वॉरंटशिवाय अटक नाही. पण दोन गावांत मारामारी होईल म्हणून प्रतिबंधक कारवाईत मी त्याला उचललं. चोवीस तास ठेवता येतं. पंचवीस-सव्वीसचा गडी, अंगाने काटक. बोईसरच्या औद्योगिक वसाहतीतल्या एका कारखान्यात चार वर्षं बदली कामगार होता आणि त्याच आठवड्यात कायम व्हायचा होता. उद्याची सकाळची पाळी चुकली आणि वर पोलिसात नाव गेलं, तर पुन्हा पहिल्यापासून. हे त्याने मला पहिल्याच मिनिटाला सांगितलं.

"मग बोल की! पहार घेऊन काय करत होतास?"

"खनत व्हतो."

"काय खणत होतास?"

"ते नाय सांगनार."

"मासा तू पाडलास?"

"नाय."

माझा अनुभव असा की खोटं बोलणारा माणूस फार बोलतो. हा बोलतच नव्हता. दम दिला, चहा पाजला, बापाला आणून समोर बसवलं. बाप म्हातारा, तोही जमिनीकडे बघत गप्प. नोकरी जाईल म्हणून पोराच्या डोळ्यांत पाणी यायचं, पण तोंडाला कुलूप. मला तिडीक आली. अरे बाबा, असं कोणतं राज्य बुडणार आहे तुझं?

शेवटी संध्याकाळी तो म्हणाला, "साहेब, डायरीत लिवनार नसाल तर सांगतो."

"नाही लिहीत. बोल."

त्याने दाराकडे बघितलं, कोणी नाही अशी खात्री केली आणि खाली वाकून म्हणाला, "आमी केळीचा घड बांधनार हाय. रस्त्याच्या पलीकडं. माशाहून एक हात उंच. पायाला जमीन कशी हाय ते बघाया गेलतो. ते कोळ्यांना कळलं तर ते माशाखाली चौथरा वाढवतील! सगल्या गावानं शपथ घेतलीय."

मी कपाळावर हात मारला. चार वर्षांची नोकरी पणाला लावून हा माणूस एका हाताची उंची सांभाळत बसला होता! हसावं की कानाखाली द्यावी, कळेना.

पण सांगणं वेगळं आणि पुरावा वेगळा. दुसऱ्या दिवशी उजाडताच मी एकटा फाट्यावर गेलो. रस्त्यापलीकडे तीन ताजे खड्डे होते, अगदी त्याने सांगितले तसे. मग मी माशापाशी बसलो आणि जे आदल्या दिवशी करायला हवं होतं ते केलं. शेपटीवरून हात फिरवला. पहारीचा एकही घाव नव्हता. आतल्या सळ्या गंजून काडीएवढ्या झाल्या होत्या आणि सिमेंटवर पांढरी पूड फुटली होती. बोटावर घेऊन चाटून बघितली. खारट!

चौथऱ्यापाशी मासळी विकायला बसणारी एक म्हातारी कोळीण टोपली उतरवत होती. मी विचारलं, "आजी, रेती कुठली वापरली होती?"

"आमच्या किनाऱ्याची. आमी बायांनीच पाट्या वाहिल्या. गवंडी बोलला, गोड्या पान्यानं धुवा, नायतर लोखंड खाईल. पियाला पानी नाय, रेती कोन धुनार? तांडेल बोलला, मासा आमचा तर रेतीपन आमचीच. गवंड्याला गप केला." तिने टोपलीवरचं फडकं काढलं. "पावसाळ्यापासनं शेपटीतनं तांबडं पानी गलत हाय. तांडेलाला तोंडावर कोन सांगनार?"

मी सिमेंटचा एक तुकडा उचलला आणि थेट तांडेलाच्या अंगणात गेलो. तुकडा त्याच्या हातावर ठेवला. त्याने तो बघितला, जिभेला लावला. जन्म खाऱ्या पाण्यावर काढलेला माणूस, त्याला आणखी काही सांगायची गरज नव्हती. मग तो तुकडा त्याने जाळ्याच्या ढिगावर ठेवला.

"साहेब, आता गावात तोंड कसं दाखवू?"

"ते तुमचं तुम्ही बघा. आत बसलेल्या पोराची पाळी सात वाजता सुरू झाली."

तांडेलाने टोपी घातली आणि म्हणाला, "चला."

ठाण्यात त्याने जबाब दिला, तक्रार मागे घेतली. पोराला बाहेर आणलं तेव्हा दोघं समोरासमोर उभे राहिले. तांडेल म्हणाला, "खड्डे मी कालच बघितले रं. बांध तुजा काय तो. पन रेती नदीची आन."

पोराचं तोंड बघण्यासारखं झालं होतं.

मी दोघांना जीपमधून बोईसरला नेलं. कारखान्याच्या गेटवर उत्तरेकडचा सुपरवायझर उभा होता. "पुलिस केस वाला आदमी अब नहीं चलेगा," तो म्हणाला. तेव्हा ज्याने आयुष्यात कोणापुढे मान वाकवली नव्हती, त्या तांडेलाने त्याच्यापुढे हात जोडले. "साब, इसका कुछ गलती नाय. मच्छी हमने कच्चा बनाया. गलती हमारा है. इसको रखो." तीन-चारदा तेच. शेवटी सुपरवायझरने पोराला आत घेतलं. त्याच आठवड्यात पोरगा कायम झाला.

या प्रकरणाने मला काय शिकवलं? पुढे नोकरी असेपर्यंत मी हात लावून बघितल्याशिवाय एकाही पंचनाम्यावर सही केली नाही, आणि माझ्या हाताखालच्यांनाही करू दिली नाही. त्यावरून खात्यात मला एक टोपणनावही पडलं, ते नाही सांगत. पण त्या दिवशीचं खरं सांगायचं तर तांडेल हात जोडून उभा होता तेव्हा मी जीपमधून उतरलोही नव्हतो. खोट्या पंचनाम्याखाली सही माझी होती. माफी त्याने मागितली.