फत्तेगंगेवरची दोन नावं

अब्दुर्रहमानचाचांनी पावण्याच्या औद्योगिक वसाहतीतल्या कारखान्यात सत्तावीस वर्षं लेथ चालवली, पण कुणी ओळख विचारली की सांगायचे, "आमी फत्तेगंगेवरचे." फत्तेगंगा म्हणजे मराठी आरमारातलं लढाऊ जहाज, बुडून अडीचशे वर्षं झालेलं. चाचांचा तोरा मात्र असा, जणू कालच तिच्यावरून उतरलेत.

तिची कथा गावात दोनच घरांना पाठ होती, चाचांच्या आणि शेजारच्या जयदेव कोळ्यांच्या. नारळी पुनवेला भरतीच्या वेळी दोघं ओट्यावर बसत. जहाज याच खाडीत बांधलं, सागाचं, दोन डोलकाठ्यांचं, सोळा तोफांचं. एकदा शिडं जळाली तरी वल्हवत घरी आलं. एवढं चाचा सांगत. पुढची एकोणीस वर्षांची चाकरी आणि इंग्रज कंपनीच्या जहाजांशी झालेली शेवटची झुंज जयदेव सांगत. मग दोन नावं. जहाज हाकणारा इब्राहिम सारंग चाचांचा पूर्वज, तोफा डागणारा देवजी गोलंदाज जयदेवचा. एकाच तुटक्या डोलकाठीला धरून दोघं बुडाले. कुणी कुणासाठी हात आधी सोडला ते देवच जाणे. म्हणून आपल्या घरचा मेलेला आपण उच्चारायचा नाही, त्याचं नाव दुसऱ्या घरानं घ्यायचं, अशी रीत पडली.

त्र्याण्णवच्या जानेवारीत मुंबई पेटली. गावात एक दगड पडला नाही, पण बोलणं तुटलं. जयदेवच्या अंकुरनं बापाला शेजारचा उंबरा बंद केला. चाचांचा फराज तरी कुठे शहाणा? कशाला अपमान करून घेता, म्हणाला, आणि घर विकायचं काढलं. तरुण रक्ताला अक्कल उशिरा येते, तोवर म्हाताऱ्यांनी सोसायचं.

त्या वर्षीच्या नारळी पुनवेला चाचा ओट्यावर एकटेच बसले. आपला अर्धा भाग सांगितला. शेजारचं दार उघडेना, तेव्हा ऐकून ऐकून पाठ झालेला जयदेवचा भागही सांगितला. देवजी गोलंदाजाचं नाव खणखणीत घेतलं, आणि इब्राहिमच्या नावापाशी थांबले. पाणी चढत होतं.

"घ्या ना तुमीच," त्यांची बायको सलिमा दारातून म्हणाली. "आपलाच मानूस हाय."

"आपला हाय म्हनूनच नाय."

भरती ओसरायला लागली. मग शेजारच्या खिडकीची एक झडप बोटभर उघडली. "इब्राहिम सारंग," जयदेवचा आवाज आला, आणि झडप लागली. चाचांना हायसं वाटलं आणि तितकाच रागही आला. चाळीस वर्षं मांडीला मांडी लावून बसलेला माणूस, त्याला दार उघडवेना!

पुढची तीन वर्षं नाव खिडकीतूनच आलं. फराजला कथा शिकवायला चाचा बसले की तो म्हणे, जुनं उकरू नका, अब्बा.

सत्त्याण्णवच्या मे महिन्यात चाचा गेले. त्या दिवशी जयदेवचं दार उघडलं. अंकुर अडवत असताना म्हातारा अनवाणी आला, जनाज्याला खांदा दिला, आणि परतताना फराजचा हात धरून म्हणाला, "पोरा, आता आमच्या देवजीचं नाव कोन घेनार?"

नाव फराजला ठाऊक होतं. नावाआधी जी कथा सांगायची, ती ठाऊक नव्हती.