दहा ते अकरा झुमरेताशी बोलायचं नाही

झुमरेताच्या बुटांचे तळवे चालून झिजत नाहीत, उभं राहून झिजतात. हे मी चपला-बूट करणारा माणूस म्हणून सांगतोय, ऐकीव नाही. तीस वर्षं तिचे बूट माझ्याकडेच येतात. माझ्या दुकानापासून चौकातल्या पाणपोईपर्यंत फार तर दोनशे पावलं. मला तीन मिनिटं लागतात. तिला एकदा पाऊण तास लागला होता, आणि त्या दिवशी बाई घाईत होती.

दोष तिच्या एकटीचा नाही. आमच्या सारायेवोच्या चार्शीत, म्हणजे जुन्या बाजारात, समोर येऊन उभ्या राहिलेल्या माणसाला आम्ही विचारतो, "कुठं आहेस तू?" हा आमचा नमस्कार. यावर "इथंच आहे की" म्हणून पुढं सटकणारा माणूस एक तर आजारी असतो, नाहीतर उर्मट. आईची तब्येत, जावयाची नोकरी, स्वतःचे गुडघे, सगळं सांगावं लागतं. मग समोरच्याचं तेवढंच ऐकावं लागतं. तोवर कुणीतरी कॉफी आणलेली असते, आणि ती नको म्हणालात तर वर्षभर तुमच्याकडे तोंड फिरवून बसतील.

त्यात झुमरेता एकोणतीस वर्षं टेलिफोन एक्स्चेंजमध्ये. अख्ख्या शहराच्या तारा हिच्या बोटांत. चेहरा विसरेल, पण आवाज एकदा कानात गेला की कायमचा. पुढं यंत्रं आली, एक्स्चेंजला कुलूप लागलं, बाई घरी बसली. नवरा इब्रो युद्धात शहराला वेढा पडला होता त्या दिवसांत गेला. मुलगी सामिया स्वीडनला नर्स आहे. घरात बोलायला चिटपाखरू नाही.

"नेझिर," ती मला एकदा म्हणाली, "काल मी फ्रिजला विचारलं, बाबा रे, कसं काय चाललंय? तेवढ्यात तो गुरगुरला. तर मला किती बरं वाटलं म्हणून सांगू!"

मी खो खो हसलो. संध्याकाळी घरी बायकोला हीच गंमत सांगायला गेलो, तर मधेच माझाच आवाज बसला.

मग तिच्या डोक्यात गाईड व्हायचं खूळ शिरलं. खूळ मी म्हणालो, नंतर जीभ चावली. कारण त्या कामात बोलायचे पैसे मिळतात, आणि या पृथ्वीवर तिच्याइतकं त्या कामाला लायक कोण होतं? एका सहलवाल्या बाईनं शब्दही दिला होता की बिल्ला आण, जूनपासून रोज सकाळचे पाहुणे तुझे. फक्त बिल्ल्यासाठी परीक्षा होती. पाणपोईपासून नदीवरच्या पुलापर्यंत आठ ठिकाणं, साठ मिनिटं. एकसष्टावं मिनिट लागलं की नापास. तीनदा बसायची मुभा, आणि तिसऱ्यांदा घसरलात की पुढची पाच वर्षं दार बंद. झुमरेता तेव्हा एकोणसाठची होती. पाच वर्षांनी चौसष्टची झाली असती, आणि तोवर फ्रिजशी गप्पा.

पहिल्या वेळी तिला दोन तास दहा मिनिटं लागली.

दुसऱ्या वेळी एक तास पन्नास. "सुधारणा आहे हो," ती म्हणाली, तर परीक्षक तिहोमिर नुसता बघत राहिला. तिहोमिर म्हणजे उंच, वाळलेला, गळ्यात स्टॉपवॉच अडकवलेला माणूस. हसताना त्याला कुणी पाहिलेलं नाही. पण त्या दिवशी आमच्या शेफ्कोच्या कॉफीच्या दुकानात त्यानं पाहुण्याला देतात त्या तीनही कॉफ्या घेतल्या! पहिली, या म्हणणारी. दुसरी, बोला म्हणणारी. तिसरी, आता उठा म्हणणारी. तीनही ढोसल्या, खडीसाखरेसारखा साखरेचा खडा दाताखाली फोडला, आणि उठून नापास केलं. मी त्याला चांगल्या चार शिव्या घातल्या, अर्थात तो गेल्यावर.

तेव्हा मी ठरवलं की ही गोष्ट आता आपण हातात घ्यायची.

तिसऱ्या परीक्षेच्या आदल्या दिवशी दुपारी मी दुकान बंद करून चार्शीभर हिंडलो. तांबट, सोनार, रजईवाले, शेफ्को, खिमा भरून बुरेक भाजणारी मुयेसिरा, कुणाला सोडलं नाही.

"उद्या दहा ते अकरा," मी बजावलं, "झुमरेताशी कुणी बोलायचं नाही. हाक नाही, विचारपूस नाही, कॉफी तर नाहीच नाही. तिच्याकडे बघायचंसुद्धा नाही."

"ती म्हणाली सुप्रभात, तर?" शेफ्कोनं विचारलं.

"तर तू बहिरा."

"नेझिरकाका, हे पाप आहे," मुयेसिरा म्हणाली.

"पाप माझ्या खात्यावर घाल. तिला बिल्ला मिळायला हवा की नको?"

हवा, सगळे म्हणाले. मुयेसिरानं तर पोरांची शपथ घेतली. झुमरेताला मात्र आम्ही यातलं काही कळू दिलं नाही. कळलं असतं तर ती आदल्या दिवशीच एकेकाच्या दुकानात आभार मानायला गेली असती आणि परीक्षेला पोचलीच नसती.

गुरुवारी दहाला ती पाणपोईपाशी उभी. निळा कोट, केसांना रंग, बुटांना मी रात्रीतून नवे तळवे लावलेले. तिहोमिरनं घड्याळ दाबलं. मी दुकानाच्या दारात स्टुलावर बसलो आणि आमच्या धंद्यात ठेवतात तसे दहा-बारा बारीक खिळे तोंडात धरले. माझ्याच तोंडाचा मला भरवसा नव्हता.

काय सांगू, पहिली वीस मिनिटं बाई नुसती धावली! पाणपोई झाली, मशिदीचं आवार झालं, घड्याळाचा मनोरा झाला. आवाज खणखणीत, प्रत्येक शब्द सुटा. रस्त्यावर कुणी चकार शब्द काढत नव्हतं. तांबट खाली मान घालून परातीवर ठोकत होते. मी मनातल्या मनात स्वतःची पाठ थोपटली. नेझिर, म्हटलं, तू मंत्री व्हायला हवा होतास.

मग ती शेफ्कोच्या दुकानावरून गेली. "सुप्रभात, शेफ्को!" म्हणाली. शेफ्कोनं भिंतीकडे तोंड केलं. ती जरा थबकली आणि पुढं गेली. मुयेसिराला हात केला. मुयेसिरा एप्रनआड तोंड लपवून आत पळाली. रजईवाल्या म्हाताऱ्यानं डोळे मिटून घेतले. झुमरेताचा आवाज अडखळायला लागला. जुन्या सिनेगॉगपाशी तिनं एक वाक्य दोनदा सांगितलं. छपराखालच्या बाजाराच्या तोंडाशी तिला पुढचा शब्दच सापडेना. मला वाटलं, घाबरली असेल परीक्षेला. मी मूर्ख, दुसरं काय!

माझ्या दारापाशी आली तेव्हा चौतीस मिनिटं झाली होती आणि पाच ठिकाणं. तिचा चेहरा कागदासारखा पांढरा पडला होता. तिहोमिरकडे तिनं पाहिलंही नाही.

"नेझिर," ती अगदी हळू म्हणाली. "कोण गेलं?"

माझ्या तोंडात खिळे.

"मला खरं सांग. सामिया का?"

तेव्हा माझ्या पायाखालची जमीन सरकली. आमच्या गावात एखाद्या माणसाशी अख्खी चार्शी एकाच वेळी बोलेनाशी कधी होते? त्याच्या घरचं कुणी गेलेलं असतं, सगळ्यांना कळलेलं असतं, आणि त्याला एकट्याला अजून कळलेलं नसतं तेव्हा. कुणाची जीभ रेटत नाही म्हणून सगळे माना खाली घालतात. इब्रो पाण्याच्या रांगेत मारला गेला त्या दिवशी झुमरेता एक्स्चेंजची पाळी संपवून याच रस्त्यानं घरी निघाली होती. या टोकापासून त्या टोकापर्यंत तिला कुणी हाक मारली नाही. घरी पोचेपर्यंत तिला समजलेलं होतं. त्या दिवशी मान खाली घालणाऱ्यांत मीही होतो. आणि आज ते सगळं मी स्वतः, हौसेनं, दारोदार फिरून, पुन्हा घडवून आणलं होतं.

मी खिळे थुंकले. दोन गिळलेही असतील, देव जाणे.

"कुणी नाही!" मी ओरडलो. "अगं बये, कुणी गेलं नाही! सामिया खुशाल आहे! मीच सगळ्यांना सांगितलं होतं तुझ्याशी बोलू नका म्हणून! तुला उशीर होऊ नये म्हणून! मी गाढव आहे, झुमरेता, मी गाढव!"

ती माझ्या स्टुलावर मटकन बसली. मग तिनं हातातली फाईल उचलली आणि माझ्या डोक्यात घातली. एकदा, दोनदा, तिसऱ्यांदा फाईल फाटली.

"मेल्या! माझा जीव गेला असता ना इथं! बोलायचं नाही म्हणे! तुझ्या जिभेला काय झालं होतं रे? आणि शेफ्को, तू! भिंतीकडे बघतोस? भिंत शिकवते का तुला कॉफी करायला?"

रडत होती आणि हसत होती, दोन्ही एकदम. तोवर सगळी चार्शी माझ्या दारात जमली. मुयेसिरा तिच्या गळ्यात पडून हुंदके देत होती. "मी सांगत होते नेझिरकाकांना, पाप आहे म्हणून!" शेफ्को कॉफी घेऊन आला, सोबत गुलाबाचा हलवा. कुणीतरी पाणी आणलं, कुणीतरी पंख्यानं वारा घातला. एवढं सगळं झाल्यावर मग कुणाला तरी परीक्षकाची आठवण झाली.

तिहोमिर तिथंच उभा होता, दोन्ही हात मागं बांधून.

झुमरेतानं डोळे पुसले. "किती वेळ गेला हो?"

"सतरा मिनिटं."

चौतीस आणि सतरा. राहिली नऊ, आणि ठिकाणं तीन. ज्या बिल्ल्यासाठी एवढा उपद्व्याप केला, तो मीच घालवला होता.

तिहोमिरनं खिशातून नियमांचं पुस्तक काढलं, चष्मा लावला, आणि सावकाश वाचलं. "कलम अकरा. फेरी चालू असताना गाईडला घरातल्या मृत्यूची बातमी कळल्यास तेवढा वेळ धरू नये."

"पण कुणी मेलंच नाही ना," शेफ्को म्हणाला. असा माणूस प्रत्येक गावात एक असतोच.

तिहोमिरनं त्याच्याकडे चष्म्यावरून पाहिलं. "कुणीतरी मेलंच पाहिजे असं इथं लिहिलेलं नाही. बातमी कळली. खोटी निघाली. तुमची काही तक्रार आहे का?"

"नाही नाही, माझी कसली तक्रार!"

"बाई," तिहोमिर झुमरेताला म्हणाला, "तुम्ही 'कोण गेलं' विचारलंत तेव्हाच मी घड्याळ थांबवलं. मीही याच गावचा आहे." आणि मग त्यानं आपणहून शेफ्कोच्या ताटलीतला हलवा उचलून तोंडात टाकला. "सव्वीस मिनिटं उरलीत. चला."

आणि ती निघाली! आता कोण गप्प बसतंय? अख्खा रस्ता बोलत होता. "कुठं आहेस, झुमरामावशी?" "काय गं, घाबरवलंस आम्हाला!" ती चालता चालता हात हलवायची, "नंतर! नंतर!" आणि लगेच तिहोमिरकडे वळून कॅथेड्रलच्या दाराबद्दल सांगायची. तिच्या तोंडून "नंतर" हा शब्द मी जन्मात पहिल्यांदा ऐकला. मी दुकान उघडं टाकून मागं चालत होतो. माझ्यामागं मुयेसिरा, तिच्यामागं शेफ्को, आणि किती जण कोण जाणे. वरात निघावी तसे आम्ही पुलावर पोचलो. तिथं तिनं नदीबद्दल सांगितलं, तिहोमिरला पाहुणा धरून त्याचा हात हातात घेतला, निरोप घेतला.

"सत्तावन्न," तिहोमिर म्हणाला, आणि कागदावर सही केली. "पास. सोमवारी येऊन बिल्ला घेऊन जा."

आम्ही टोप्या उडवल्या. मी रडलो, सांगायला लाज कसली. झुमरेता मात्र कोटाच्या खिशात फोन शोधत होती. ती फोन नेहमी मोठ्या आवाजावर ठेवते, त्यामुळे पलीकडची घंटा आम्हा सगळ्यांना ऐकू येत होती.

"आई?" सामियाचा आवाज. "आई, या वेळी कसा फोन? काय झालं? कोण गेलं?"

झुमरेतानं फोन आमच्याकडे धरला, हात लांब करून, उंच.

"कुणी नाही गं बाळा," ती म्हणाली. "सगळे आहेत. ऐक."

मग आम्ही सगळे एकदमच बोलायला लागलो. त्या पोरीला त्यातलं एक अक्षरही कळलं नसेल.